नऊ खुर्च्यांच्या सभेतला दहावा

ज्या माणसाला पाडावे असे कुणाच्याच मनात नव्हते, तो निवडणुकीत पडला, तर त्याला पाडले कुणी? ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेला असलेल्या नॉरफोक बेटावरचा अ‍ॅल्विन क्विंटल ह्या प्रश्नाशी एक अख्खा हिवाळा झगडला. प्रस्तुत लेखकालाही त्याचे पूर्ण उत्तर देता आलेले नाही. अर्धे उत्तर सापडते, आणि ते अ‍ॅल्विनलाही सापडले होते. उरलेल्या अर्ध्याविषयी त्याचा संशय शेवटपर्यंत राहिला. तो संशय निराधार होता, असे ठामपणे म्हणवत नाही.

अ‍ॅल्विन हे नाव बेटावर चर्चमध्ये आणि विधानसभेत, अशा दोनच ठिकाणी उच्चारले जाई. एरवी तो 'खुंट'. टेलिफोनच्या छापील पुस्तकातही तो ह्याच नावाने सापडे; आडनावे मोजकी आणि एकेका आडनावाची माणसे पुष्कळ, त्यामुळे टोपणनाव हीच तिथे खरी ओळख. किंग्स्टनच्या धक्क्यावर लोखंडी खुंटाला दोराचा वेढा देऊन तो उभा राहिला, की समुद्राने कितीही ओढाताण केली तरी जागचा हलत नसे, म्हणून हे नाव पडले. बेटाला बंदर नाही. जहाज दूर खोल पाण्यात थांबते, त्यातला माल रुंद, उघड्या पडावांत उतरवतात, लाँच ते पडाव ओढत धक्क्याशी आणते आणि लाट वरखाली होत असतानाच यारीने, म्हणजे क्रेनने, एकेक डाग उचलून घेतात. पडावाच्या मागच्या टोकाला लांब वल्हे धरून, येणाऱ्या लाटांकडे तोंड आणि धक्क्याकडे पाठ करून तांडेल उभा असतो आणि धक्क्यावर दोरवाला. लाट चढली की दोर आवळायचा, उतरली की सोडायचा. सोडायला जरा उशीर झाला, तर उतरत्या लाटेवर पडाव दोराला टांगला जातो आणि माणसांसकट उलटतो. तांडेलाला मागे वळून बघायची सवड नसते. दोर कुणाच्या हातात आहे हे त्याला ठाऊक असते, आणि तेवढ्यावरच तो उभा असतो.

अ‍ॅल्विनने ज्याच्यासाठी वीसेक वर्षे दोर धरला, तो तांडेल म्हणजे लिंडन अ‍ॅडम्स, उर्फ 'बलक'. लहानपणी समोरच्या फिलिप बेटावर समुद्रपक्ष्यांची अंडी गोळा करताना त्याने ती सदऱ्यात भरली आणि कड्यावरून घसरत खाली आला. घरी पोहोचला तेव्हा तो गळ्यापासून गुडघ्यापर्यंत पिवळा होता. पुढे त्याची दाढी पांढरी झाली, नातवंडे झाली, पण नाव पिवळेच राहिले.

अ‍ॅल्विन दोन वेळा विधानसभेवर निवडून आला होता. सभागृहात खुर्च्या नऊ. पक्ष नाहीत, कारण नऊ माणसांत पक्ष काढायचा तर आधी चुलत भावंडांची वाटणी करावी लागली असती. सदस्य सकाळी रताळ्यांच्या वाफ्यात असत, दुपारी खात्याच्या कागदांवर सह्या करत, आणि महिन्यातून एकदा किंग्स्टनच्या जुन्या लष्करी इमारतीत कोट घालून बैठकीला बसत. बैठक रेडिओवरून जशीच्या तशी ऐकू येई. घरोघरी बायका इस्त्री करता करता ती ऐकत आणि सदस्य घरी पोहोचायच्या आत त्याच्या बायकोला फोन करून तो काय चुकला ते सांगत. अ‍ॅल्विनला बोलण्यापूर्वी एकदा खाकरायची सवय होती. ते खाकरणे ऐकू आले की स्वयंपाकघरांतले रेडिओ मोठे होत. तो फार बोलत नसे. गुरे रस्त्यावर मोकळी सोडावीत की नाहीत, यारी नवी आणावी की जुनीच दुरुस्त करावी, बाहेरून आलेल्या माणसाला बेटावर कायम राहू द्यावे की नाही, अशा बाबतींत तो चार वाक्ये बोलून खाली बसे आणि बहुतेक वेळा ठराव त्याच चार वाक्यांच्या दिशेने झुके.

अशा सभागृहात कायदा माणसाच्या नावाने ओळखला जातो हे त्याला माहीत होते. मोकाट गुरांना पट्टा बांधायचा नियम 'खुंटाचा पट्टा' म्हणूनच बोलला जाई. ज्या कायद्याचा फटका कुणाला तरी बसणार, तो फटका आपल्याच कुठल्या तरी आतेभावाला, मेव्हण्याला किंवा शेजाऱ्याला बसणार, आणि तो शेजारी उद्या धक्क्यावर आपल्या बाजूला उभा असणार, हे गृहीत धरूनच तिथे हात वर करावा लागे. सहा वर्षांच्या आसपास त्याने असे हात वर केले. कुणी मनात धरून ठेवले असेल असे त्याला त्या काळात कधी वाटले नाही.

ऐंशीच्या दशकातल्या त्या निवडणुकीत पद्धत अशी होती: प्रत्येक मतदाराला नऊ मते. ती नऊ जणांना एकेक द्यावीत, किंवा आवडत्याला जास्त द्यावीत, मात्र एकाला चारांहून अधिक देता येत नसत. त्यामुळे मतदानाच्या आधीचा महिनाभर घरोघरी स्वयंपाकघरात एक निराळाच हिशेब चाले. कुणाला चार, कुणाला दोन, कुणाचे मन राखायला एक. बलकने त्या वर्षी पहिल्यांदा उभे राहावे हा आग्रह अ‍ॅल्विनचाच. धक्क्याची खडान्‌खडा माहिती असलेला आणखी एक माणूस सभागृहात हवा, असे त्याचे म्हणणे होते. बलक घाबरला होता. आपल्याला कुणी मत दिले नाही तर तोंड कुठे लपवायचे, असे तो म्हणे, आणि त्याची बायको मर्ल त्याच्याहून जास्त घाबरलेली होती.

अ‍ॅल्विन स्वतःसाठी एकाही घराची पायरी चढला नाही. तसे करणे त्याला शोभलेच नसते. भेटेल तो म्हणे, तुला कशाला मागायला हवंय, तू बसलेलाच आहेस. बर्न्ट पाइनच्या बाजारात दुकान आणि पेट्रोलपंप चालवणारा नॉरिस तर एकदा काउंटरवरून म्हणाला होता, ''खुंटा, तुझी खुर्ची पुसून ठेवायला सांगितलीय. तू फक्त कोट इस्त्री करून घे.'' दुकानातले सगळे हसले होते. तो हशा अ‍ॅल्विनला पुढे फार आठवला.

निकाल रेडिओवर वाचून दाखवला गेला. अधिकाऱ्याने नऊ नावे वाचली. चौथे नाव लिंडन अ‍ॅडम्स. नऊ नावांनंतर अधिकारी जरा थांबला आणि मग रिवाजाप्रमाणे निवडून न आलेल्यांची नावे वाचू लागला. त्यातले पहिले नाव अ‍ॅल्विन क्विंटल होते. स्वयंपाकघरात त्याची बायको लेटा कच्च्या केळ्यांचे गोळे रश्शात सोडत होती. तिचा हात हवेतच राहिला. अ‍ॅल्विनने रेडिओ बंद केला, खुर्ची टेबलाखाली सरकवली आणि अंगणात जाऊन लाकडे फोडू लागला. लाकडे आधीच फोडून रचलेली होती. त्यांच्याच तो आणखी बारीक ढलप्या काढत बसला.

दुसऱ्या दिवसापासून त्याचे डोळे बदलले. नॉरफोकवर समोरून येणाऱ्या प्रत्येक गाडीला हात करायचा रिवाज आहे. चाकावरचा हात न सोडता एक बोट उचलले तरी पुरते. ही गोष्ट इतकी अंगवळणी पडलेली असते की कुणी तिच्याकडे लक्ष देत नाही. अ‍ॅल्विन देऊ लागला. कोण बोट उचलतो, कोण पूर्ण पंजा उचलतो, कोण वळणापलीकडूनच घाईने उचलून मोकळा होतो, कोण नेमका त्याच क्षणी गवतातल्या गाईकडे बघत असतो. आधी जो एक बोट उचलायचा तो आता पंजा उचलतो, म्हणजे ह्याच्या मनात काहीतरी आहे. जो पूर्वीसारखेच एक बोट उचलतो, त्याला काहीच वाटलेले नाही, म्हणजे त्याला हे आधीपासून ठाऊक होते.

मग भेटी सुरू झाल्या. बेटावर गाड्यांना कुलूप लावत नाहीत, आणि ज्याच्या वाडीत जे जास्त पिकते ते तो दुसऱ्याच्या गाडीत ठेवून जातो. कुणी ठेवले ते सांगायचे नसते. त्या महिन्यात अ‍ॅल्विनच्या गाडीत केळ्यांचे घड, रताळी, पेरू, एकदा तर फडक्यात बांधलेला, कालवांचे सारण भरून भट्टीत भाजलेला मोठा गोल 'पाय', असे इतके काही येऊन पडले की लेटाला ते शेजारी वाटावे लागले. लेटाला ते प्रेम वाटले. अ‍ॅल्विनने त्या 'पाय'ची कड मोडून वास घेतला आणि ताट बाजूला सारले. ज्याने मत दिले त्याला 'पाय' भाजून आणायची गरज काय, असा त्याचा सवाल होता.

''अरे, आजारी माणसाला नेतात तसं आणलंय,'' लेटा म्हणाली. ''तुझं वाईट वाटलं त्यांना.''

''वाईट वाटलं ना? ज्याचं त्याला माहीत, का वाटलं ते.''

एकीकडे तो मनातल्या मनात आपली सहा वर्षे उलटीसुलटी करून पाहू लागला. कुणाच्या पुतण्याच्या बायकोला कायम राहायची परवानगी नाकारली तेव्हा आपण हात वर केला होता. कुणाची गाय कोंडवाड्यात गेली होती. कुणाच्या दुकानातल्या मालावर जकात वाढवण्याच्या बाजूने आपण बोललो होतो. प्रत्येक कायद्यामागे एक चेहरा उभा राहू लागला, आणि प्रत्येक चेहऱ्यावर त्याला आता पूर्वी न दिसलेले काहीतरी दिसू लागले. मात्र ह्यातले कुणीही पुरेसे मोठे नव्हते. एकाची गाय आणि दुसऱ्याची जकात एवढ्याने माणूस दहावा होत नाही. कुणीतरी घरोघरी फिरले असले पाहिजे.

हे कुणीतरी कोण, हे त्याला नॉरिसने सांगितले, आणि तेही सांगायचे म्हणून नव्हे. पेट्रोल भरता भरता तो सहज म्हणाला, ''बलक आला होता ना आमच्या घरी, मतदानाच्या आदल्या आठवड्यात. चहा प्यायला. बिचारा फार भेदरलेला. म्हणाला, खुंटाची काळजी नको, तो बसलेलाच आहे, जमलं तर माझ्याकडे बघा.''

''असं म्हणाला?''

''सगळेच म्हणत होते की,'' नॉरिस म्हणाला, आणि नळी जागेवर अडकवून दुसऱ्या गाडीकडे गेला.

'सगळेच म्हणत होते' हे त्यातले अर्धे वाक्य अ‍ॅल्विनने ऐकलेच नाही. तो घरी आला आणि त्याने लेटाला विचारले, बलक आणखी कुणाकुणाकडे चहा प्यायला गेला होता. लेटा म्हणाली, उभा राहिलेला माणूस चहा प्यायला जाणारच. तू गेला नाहीस, कारण तुला जायची गरज नव्हती. हे 'गरज नव्हती' त्याला टोचले. आपल्या घरातही ते वाक्य आहे, हे त्याच्या ध्यानात आले.

नव्या विधानसभेची पहिली बैठक त्याने अंगणात, खिडकीबाहेर उभे राहून ऐकली. आत रेडिओजवळ बसला असता तर लेटाला वाटले असते की तो ऐकतो आहे. बलक बोलायला उभा राहिला. आधी कागद खाली पडल्याचा आवाज आला. मग तो म्हणाला की धक्का हा कागदावर दिसतो तेवढा लांब नसतो, वारा फिरला की तो तोकडा होतो. हे वाक्य अ‍ॅल्विनचे होते. चार वर्षांपूर्वी, त्याच खुर्च्यांमध्ये, यारीच्या चर्चेत ते तो बोलला होता. बलकने त्याचे नाव घेतले नाही. एखादा मनुष्य दुसऱ्याचे वाक्य आदराने वापरतो की चोरीने, हे रेडिओवरून कळत नाही, आणि अ‍ॅल्विनला कोणता अर्थ हवा होता ते उघड आहे.

त्यानंतर तो धक्क्यावर जाईनासा झाला. पाठ धरली आहे असे त्याने सांगितले. जुलैत एक जहाज येऊन गेले, दोर दुसऱ्याने धरला, समुद्र शांत होता, निभावले. पाठीचे कारण खोटे आहे हे सगळ्यांना कळले असावे, कारण कुणीही त्याला पाठीवर लावायला तेल आणून दिले नाही. ह्याचीही त्याने नोंद घेतली. लेटाचे मात्र वेगळेच चालले होते. ती रोज संध्याकाळी काहीतरी बोलायला तोंड उघडे आणि मिटून घेई. अ‍ॅल्विनच्या लक्षात ते आले होते, आणि तिच्यावरही त्याची नजर गेली होती. मात्र तिथवर विचार न्यायला त्याचे मन धजत नव्हते.

ऑगस्टच्या शेवटी, सोमवारी सकाळी, जहाज किंग्स्टनसमोर थांबले. त्यात पीठ, साखर, स्वयंपाकाचा गॅस आणि इस्पितळाची नवी रुग्णवाहिका होती. रुग्णवाहिका एका पडावात मावत नाही. तिच्यासाठी दोन पडाव एकमेकांना बांधून त्यांवर फळ्या टाकतात. अशा जोडपडावाचा दोर धरणे हे एरवीच्या दोरासारखे नसते, कारण दोन्ही पडाव एका लाटेवर एकदम चढत नाहीत. वारा दक्षिणेकडून, धक्क्याच्या अंगावर येऊ लागला होता. दुपारनंतर काम होणार नव्हते, आणि कप्तानाने कळवले होते की मंगळवारी तो पुढच्या बंदराला निघेल. जुलैत दोर धरलेला मुलगा हुशार होता, पण त्याने जोडपडाव कधी बांधलेला नव्हता.

बलक स्वतः अ‍ॅल्विनच्या घरी आला. निवडणुकीनंतर पहिल्यांदाच. तो पायरीवर उभा राहिला, आत आला नाही. त्याच्या अंगावर धक्क्यावरचेच कपडे होते.

''पाठ कशी आहे?'' त्याने विचारले.

''आहे तशीच.''

''जोडपडाव आहे आज. रुग्णवाहिका.''

''ऐकलं.''

''पोरगा चांगला आहे,'' बलक म्हणाला. ''पण त्याला बघायला लागतं मला. मागे वळून.''

अ‍ॅल्विन दाराच्या चौकटीला टेकला. वल्ह्यावरचा माणूस मागे वळून बघू लागला तर काय होते, हे दोघांना सारखेच ठाऊक होते. बलकने टोपी काढून हातात धरली. मग म्हणाला, ''तुला काही विचारायचं असेल तर विचार, बाबा. तीन महिने तू माझ्याकडे बघून बोट उचलत नाहीस. मी मोजत नाही, पण दिसतं ना.''

''सभासदांना लहानसहान माणसांची बोटं कशी दिसणार.''

बलकने टोपी घातली. ''बरं आहे,'' म्हणाला, ''पोराला घेतो.'' आणि गेला. त्याच्या गाडीचा आवाज उतारावर विरेपर्यंत अ‍ॅल्विन दारातच उभा होता.

लेटा आतून आली ती हात पुसत. तिने दार लावून घेतले. जे रोज संध्याकाळी गिळले होते ते ती ह्या वेळी गिळू शकली नाही.

तिने सांगितले ते असे. मतदानाच्या आधीच्या रविवारी ओना मावशीकडे बायका झाडाच्या पात्यांच्या टोप्या विणायला जमल्या होत्या. ओना ही बेटावरची सर्वांत वडीलधारी बाई. कुणाच्या मयतीला कोणती फुले आणि कुणाच्या लग्नाला कोणता पदार्थ हे तीच ठरवी. पाती विणता विणता बोलणे मतांवर आले. कुणीतरी म्हणाले, खुंट तर येणारच, त्याला मते देणे म्हणजे भरल्या ताटात वाढणे. मग कुणीतरी म्हणाले की बिचाऱ्या अमक्याला कुणी देणार नाही, त्याची बायको रडेल, त्याला देऊ या. दुसरीने तमक्याचे नाव घेतले. मर्ल तिथेच होती, तिच्या डोळ्यांत पाणी होते, म्हणून बलकला जास्त. ओनाने मान डोलावली. असे ठरवले कुणीच नाही, आणि एकीनेही दुसरीला सांगितले नाही की मी काय करणार आहे. प्रत्येकीला वाटले की खुंटाला बाकीच्या सगळ्या देतील.

''सगळ्या घरांत तेच झालं असणार,'' लेटा म्हणाली. ''सगळ्या बेटाने तुला मनातून दिली आणि कागदावर दुसऱ्याला दिली. कुणी वैर धरलं नाही रे. दया दाखवायला गेले सगळे, आणि तुझी दया करायची गरजच नाही असं वाटलं सगळ्यांना.''

अ‍ॅल्विन चुलीत ढलप्या सारू लागला. मग त्याने खाकरून विचारले, ''आणि तू?''

''चार बलकला. बाकीची इकडेतिकडे.''

''मला?''

तिने मान हलवली. ''तीन महिने हेच सांगायचा प्रयत्न करतेय.'' आणि मग, बचावाला म्हणून नव्हे, खरोखरच माहीत नसल्यासारखे तिने विचारले, ''तू स्वतःला किती दिलीस?''

हा प्रश्न तीन महिन्यांत त्याला कुणी विचारला नव्हता, आणि त्यानेही स्वतःला विचारला नव्हता. त्याने बेटावरच्या प्रत्येक हाताकडे संशयाने पाहिले होते. स्वतःचा हात त्यात धरला नव्हता. मतपत्रिकेवर स्वतःच्या नावापुढे आकडा घालणे त्याला पंगतीत आधी आपल्याच ताटात वाढून घेण्यासारखे वाटले होते. शिवाय गरज नव्हती. त्यानेही चार बलकला दिली होती. उरलेली, ज्यांना कुणी देणार नाही असे वाटले त्यांना. तो दारामागच्या हातमोज्यांकडे बघू लागला, आणि लेटाला त्यावरून उत्तर कळले. तिला हसू आले, पण तिने ते आवरले.

बाहेर वाऱ्याने दिशा पुरती बदलली होती. पाइनच्या झाडांचे शेंडे उत्तरेकडे वाकले होते. अ‍ॅल्विनने दारामागचे हातमोजे घेतले.

तो धक्क्यावर पोहोचला तेव्हा जोडपडाव रुग्णवाहिका घेऊन अर्ध्या वाटेत होता. लाँच त्याला ओढत होती आणि मागच्या टोकाला बलक वल्हे धरून उभा होता. दोर धरायला तयार असलेल्या मुलाचा चेहरा पांढरा पडला होता. अ‍ॅल्विनने त्याच्या हातून दोर घेतला तेव्हा त्याने तो इतक्या पटकन सोडला की त्यात अपमान वाटण्यासारखे काही उरले नाही. धक्क्यावर पंधरावीस माणसे होती. सगळे दोन पावले मागे सरकले, आणि खुंटाभोवती त्याला लागते तेवढी जागा मोकळी झाली.

पडाव धक्क्याशी आला. पहिली लाट चढली, त्याने आवळला. उतरली, सोडला. दुसरी चढली तेव्हा बाहेरचा पडाव आधी उचलला गेला आणि आतला मागे राहिला. दोघांमधल्या फळ्या करकरल्या आणि रुग्णवाहिका पाण्याकडे कलली. आवळण्याची सवय असलेल्या कोणत्याही हाताने तिथे आवळले असते. अ‍ॅल्विनने सोडला. दोर खुंटावरून धूर काढत गेला, पडाव मोकळा होऊन सरळ झाला, आणि तो सरळ होताच त्याने पुन्हा वेढा घट्ट केला. यारीचा आकडा उतरला, चारही पट्टे अडकले, आणि पांढरी रुग्णवाहिका ठिबकत हवेत उचलली गेली.

ह्या सगळ्या वेळात बलकने एकदाही मागे वळून पाहिले नाही. रुग्णवाहिका वर गेली तेव्हा, पाठमोराच, त्याने वल्ह्यावरच्या हाताचे एक बोट उचलले आणि खाली घेतले. ते बोट दोर कुणाच्या हातात आहे हे कळून उचललेले होते, की मुलासाठी होते, की नुसतेच आखडलेले बोट मोकळे केले होते, ह्यावर अ‍ॅल्विनने पुढे पुष्कळ विचार केला.

काम आटोपल्यावर पुरुष धक्क्याच्या कडेला बसून तळलेले मासे आणि नारळाचा पाव खात होते. बलक येऊन अ‍ॅल्विनच्या बाजूला बसला. मधे एक माणूस मावेल इतके अंतर होते.

''पाठ बरी झाली वाटतं,'' तो म्हणाला.

''झाली.''

''माझंही वल्हं जरा बरं चाललं आज.''

अ‍ॅल्विनने माशाचा काटा समुद्रात टाकला. मग समोर बघतच विचारले, ''नॉरिसकडे काय म्हणाला होतास?''

बलकला आठवायला वेळ लागला नाही, आणि हे अ‍ॅल्विनच्या लक्षात राहिले. ''म्हणालो, खुंटाची काळजी नको, तो बसलेलाच आहे. तूच नव्हतास का सगळीकडे सांगत, माझं सोडा, बलककडे बघा म्हणून?'' त्याने तेलकट बोटे गुडघ्यावर पुसली. ''तुला किती पडतील हे मला काय माहीत असणार?''

प्रश्न होता, आणि त्याचे उत्तर 'नाही' असेच होते. पण तो प्रश्न म्हणून विचारला गेला, सरळ 'नाही' असे सांगितले गेले नाही. अ‍ॅल्विनने त्याच्या चेहऱ्याकडे पाहिले. वाऱ्याने लाल झालेला, मिठाने पांढरा, वीस वर्षे पाठमोराच पाहिलेला चेहरा. पाठीवरून त्याला बलकच्या मनातले सगळे कळत असे. समोरून काहीच कळले नाही.

''माहीत असणार नाही,'' तो म्हणाला, आणि पावाचा एक तुकडा मधल्या जागेत ठेवला. बलकने तो उचलला.

त्या दिवसानंतर त्याने बलकचा दोर कधी दुसऱ्याच्या हाती दिला नाही. पुढच्या निवडणुकीला माणसे त्याच्या दारी आली, या खेपेला चार तुलाच म्हणाली, आणि काहींनी तर आवाज खाली आणून इतरही देतील ना, ह्याची खात्री करून घेतली. त्याने सगळ्यांचा चहा केला आणि उभा राहिला नाही. बैठकीच्या दिवशी मात्र तो आता रेडिओजवळच बसे. बलक बोलायला उठला की आवाज वाढवी, आणि आपले एखादे वाक्य आले की लेटाकडे बघे. ती इस्त्रीवरून नजर काढत नसे. मतदानाच्या दिवशी तो सर्वांत आधी जाऊन मत देऊन येई, आणि कुणाला किती दिली हे त्याने तिलाही कधी सांगितले नाही. तिने विचारलेही नाही.

नॉरफोक बेटाची विधानसभा ऑस्ट्रेलियाच्या संसदेने केलेल्या कायद्याने १७ जून २०१५ रोजी बरखास्त करण्यात आली आणि १ जुलै २०१६ पासून तिच्या जागी पाच सदस्यांचे प्रादेशिक मंडळ आले.